एक वर्ष व्यावसायिक फुटबॉल, की थेट कायद्याचा प्रवेश?

सप्रेम नमस्कार.

आपले सविस्तर पत्र मिळाले. कोल्हापुरातल्या तालमीच्या संघातून पुढे आलेले आपले चिरंजीव विद्यापीठाच्या फुटबॉल संघाचे कर्णधार झाले, बी.कॉम. प्रथम श्रेणीत उत्तीर्ण झाले, तीन वर्षांच्या एलएलबीच्या सीईटीत त्यांना चांगले गुण मिळाले, आणि नेमक्या याच वेळी गोव्यातील एका क्लबने त्यांच्यापुढे एका वर्षाचा व्यावसायिक करार ठेवला आहे. एकदा खेळात पडला की मुलगा पुस्तकाकडे वळायचा नाही, ही आपली भीती. आता खेळलो नाही तर पुन्हा कधीच खेळता येणार नाही, हे त्यांचे म्हणणे. मला त्यांचे म्हणणे अधिक खरे वाटते, कारण कायद्याचे शिक्षण तेविसाव्या वर्षीही सुरू करता येते, व्यावसायिक फुटबॉल सहसा नाही. मात्र आपली भीती निराधार नाही आणि तिचा बंदोबस्त आधीच करायला हवा.

या संदर्भात आधी फुटबॉलपटू आणि पुढे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झालेले बायरन व्हाइट यांची कारकीर्द आपण दोघांनी मिळून समजून घ्यावी, असे मला मनापासून वाटते. त्यांचा फुटबॉल अमेरिकी, म्हणजे चेंडू हातात धरून धावण्याचा होता. पण पेच हाच होता. कोलोरॅडोतल्या वेलिंग्टन या लहान गावात, साखरबीटच्या शेतात राबत ते वाढले. १९३७ च्या हंगामात कोलोरॅडो विद्यापीठाकडून ते असे खेळले की सर्वोत्तम विद्यापीठीय खेळाडूला मिळणाऱ्या हाइझमन पारितोषिकाच्या मतदानात देशात दुसरे आले, आणि त्याच विद्यापीठातून १९३८ मध्ये वर्गात पहिले येऊन पदवीधर झाले. पिट्सबर्गच्या व्यावसायिक संघाने त्यांना १५,८०० डॉलर देऊ केले. त्या काळातील एनएफएल या व्यावसायिक लीगमधला तो सर्वांत मोठा पगार होता. पण ऑक्सफर्डची ऱ्होड्स शिष्यवृत्तीही हातात असल्यामुळे त्यांनी आधी संघाला होकार दिला नाही. ऑक्सफर्डला १९३९ च्या जानेवारीत रुजू झाले तरी चालेल, अशी परवानगी मिळाल्यावरच ते मैदानात उतरले.

तो हंगाम काही सुखाचा नव्हता. संघाने अकरांपैकी नऊ सामने गमावले. तरीही चेंडू घेऊन सर्वाधिक अंतर धावण्यात, ५६७ यार्डांसह, व्हाइट लीगमध्ये पहिले आले. त्यानंतर ठरल्याप्रमाणे ते ऑक्सफर्डला गेले. महायुद्ध सुरू झाल्यावर मायदेशी परतून त्यांनी येल विद्यापीठात कायद्याचे शिक्षण सुरू केले, आणि ते चालू असतानाच १९४० व १९४१ चे हंगाम डेट्रॉइटकडून खेळले. १९४० मध्ये त्यांनी धावण्यातला पहिला क्रमांक पुन्हा मिळवला. युद्धकाळात ते नौदलात होते, १९४६ मध्ये कायद्याची पदवी घेतली, आणि १९६२ ते १९९३ अशी एकतीस वर्षे ते अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती होते. व्यावसायिक खेळ एकूण तीन हंगामांचा, आणि त्यासाठी शिक्षणाची वाट एकदाही कायमची सोडलेली नाही.

व्हाइट यांच्याइतकी बुद्धिमत्ता सर्वांना लाभत नाही, हे मान्य. पण इथे त्यांच्या बुद्धिमत्तेपेक्षा महत्त्वाची आहे ती त्यांनी आधी मिळवलेली मुदत. आपल्याकडची अडचण नेमकी हीच आहे. सीईटीचे गुण त्याच वर्षीच्या प्रवेशापुरते ग्राह्य असतात, ते पुढच्या वर्षासाठी राखून ठेवता येत नाहीत. आता प्रवेश घेऊन गोव्यात खेळायचे, हा मार्गही व्यवहार्य नाही, कारण बार कौन्सिलच्या नियमांनुसार कायद्याच्या विद्यार्थ्याला किमान सत्तर टक्के उपस्थिती लागते. म्हणजे हे वर्ष खेळायचे ठरले, तर पुढची सीईटी पुन्हा द्यावीच लागेल. परीक्षेला कमाल वयोमर्यादा नाही, ही त्यातल्या त्यात दिलाशाची बाब.

तेव्हा माझा सल्ला असा, की त्यांना एक वर्ष खेळू द्यावे. मात्र स्वाक्षरीपूर्वी करार एखाद्या वकिलाकडून वाचून घ्यावा. पगार दरमहा कोणत्या तारखेला मिळणार, सरावात वा सामन्यात दुखापत झाली तर शस्त्रक्रियेचा आणि पुढच्या उपचारांचा खर्च कोण करणार, हंगाम मध्येच थांबला तर उरलेल्या महिन्यांचे काय, याची उत्तरे कागदावर हवीत. हा वहीम नव्हे. २०२५ च्या जुलैमध्ये इंडियन सुपर लीगचा पुढचा हंगाम स्थगित झाला आणि काही क्लबांनी खेळाडूंचे पगार थांबवले. देशातल्या सर्वांत मोठ्या लीगमध्ये हे घडू शकते, तर लहान क्लबाबाबत अधिकच सावध राहावे. तोंडी आश्वासनावर, ते कितीही आपुलकीने दिलेले असो, विसंबू नये.

विद्यापीठाच्या आणि राज्याच्या स्पर्धांची मूळ प्रमाणपत्रे गोव्याला न पाठवता घरीच ठेवावीत. राज्य शासनाच्या नोकऱ्यांत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे. चिरंजीवांची प्रमाणपत्रे त्या निकषांत बसतात का, हे विभागीय क्रीडा उपसंचालकांच्या कार्यालयात आत्ताच विचारून घ्यावे.

आणि क्लबशी बोलताना त्यांनी एक मागणी स्वतः करावी: सीईटीच्या दिवशी व त्याआधीचे काही दिवस रजा मिळेल, असे करारातच लिहून घ्यावे. ही बोलणी वडिलांनी नव्हे, मुलाने करावीत. क्लबने या अटीला नकार दिला, तर या वर्षी कायद्याचा प्रवेश घ्यावा.

आपला,
करिअर मार्गदर्शक