अपील दाखल आहे, तरी बेलिफ दारात कसा?

"अपील मुदतीत टाकलं, नंबरही पडला. मग बेलिफ आलाच कसा?" भाड्याच्या गाळ्यात पिठाची गिरणी चालवणाऱ्या एका काकूंनी बसायच्या आधी हे विचारलं. सोबत मुलगा, त्याच्या हातात कागदांची पिशवी. हुकूमनामा, म्हणजे दाव्यात न्यायालयानं दिलेला निकाल, मालकाच्या बाजूनं होता: 60 दिवसांत गाळा रिकामा करा आणि तीन वर्षांचं थकलेलं भाडं, 1,44,000 रुपये, भरा. 26 व्या दिवशी जिल्हा न्यायालयात अपील दाखल झालं. साठ दिवस सरताच मालकानं दरखास्त, म्हणजे हुकूमनामा अमलात आणण्याचा अर्ज, लावली आणि गुरुवारी बेलिफ, म्हणजे न्यायालयाचा कर्मचारी, गाळ्याचा ताबा घेण्याचं कब्जा वॉरंट घेऊन आला. दारात गिऱ्हाइकांचे डबे रांगेनं मांडलेले. ते पाहून बेलिफ "सोमवारी येतो, तोवर आवरून ठेवा" म्हणून गेला.

अपील टाकलं की सगळं थांबतं, ही समजूत जवळपास प्रत्येकाची असते. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 41, नियम 5 मात्र उलट सांगतो: नुसत्या अपिलानं हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते. हुकूमनाम्याला दोन वर्षं झालेली नसली, तर दरखास्तीची आगाऊ नोटीसही सहसा लागत नाही. म्हणून पहिली बातमी बेलिफच आणतो.

पिशवीत स्थगितीचा अर्ज सापडला. निशाणी 5 (प्रकरणातल्या कागदाचा क्रमांक), अपिलासोबतच दिलेला. त्यावर "जाबदारांचा से मागवावा" (समोरच्या बाजूचं लेखी म्हणणं मागवावं) एवढाच आदेश आणि पाच आठवड्यांनंतरची तारीख. घोळ इथेच होता. अर्ज दिला, पण त्यावर तातडीचा आदेश कोणी मागितलाच नाही.

कामाचा दिवस उरला होता एकच, शुक्रवार. सकाळी वकिलांनी तारीख अलीकडे घेण्याचा अर्ज दिला, सोबत वॉरंटची प्रत. समोरच्याला ऐकण्याआधीही तात्पुरती स्थगिती देता येते, पण त्यासाठी तीन गोष्टी दाखवाव्या लागतात: कब्जा गेल्यास मोठं नुकसान होईल, अर्जाला विनाकारण उशीर केलेला नाही, आणि हुकूमनामा पाळला जाईल याचं तारण द्यायची तयारी आहे. पहिलीसाठी "अपरिमित नुकसान होईल" हे ठरावीक वाक्य पुरत नाही. गिरणीचा परवाना, वीजबिलं, चक्की काँक्रीटच्या पायावर बसवल्याचे फोटो, असं दिसणारं काहीतरी जोडावं. तिसरीवर बहुतेकांचं अडतं. पैशाच्या हुकूमनाम्याविरुद्ध अपील असेल तर वादातली रक्कम भरावी किंवा तारण द्यावं लागतं. न्यायालयानं सांगूनही ते केलं नाही, तर स्थगिती मिळत नाही. काकूंचा मुलगा 50,000 रुपये घेऊन आला होता. बाकीचे दोन आठवड्यांत भरतो, गाळ्यात पोटभाडेकरू घालणार नाही, असं हमीपत्र दिलं.

समांतर एक छोटा अर्ज दरखास्त चालवणाऱ्या न्यायालयातही द्यावा: अपिलातून आदेश आणण्यापुरती वॉरंटची अंमलबजावणी थांबवावी. हुकूमनामा अंमलबजावणीसाठी दुसऱ्या न्यायालयाकडे पाठवलेला असेल, तर आदेश 21, नियम 26 मध्ये तशी सोय आहे.

संध्याकाळी चार वाजता आदेश झाला: थकबाकी भरा आणि दर महिन्याच्या 10 तारखेच्या आत 9,000 रुपये न्यायालयात जमा करा. काकू उखडल्याच. "भाडं चार हजार, मग नऊ कशाचे?" हा राग समजण्यासारखा आहे, पण कायदा मालकाच्या बाजूनं आहे. हुकूमनामा झाल्यावर ते जुनं भाडं राहत नाही. जागा वापरल्याची भरपाई होते आणि ती बाजारभावाकडे पाहून ठरते. आत्माराम प्रॉपर्टीज प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं 2004 मध्ये हे सांगितलं आणि 2009 मध्ये सुपर मॅक्स इंटरनॅशनलच्या निकालात महाराष्ट्रातल्या भाडेकरू प्रकरणांनाही लावलं. आकडा फारच चढा वाटला तर आसपासच्या गाळ्यांचे नोंदणीकृत भाडेकरार दाखवून कमी करून मागता येतो. नुसती गरिबी सांगून तो सहसा उतरत नाही.

आदेश झाला म्हणून घरी जाऊन झोपायचं नाही. स्थगिती खालच्या न्यायालयाला कळवल्यापासून लागू होते. नक्कल मिळायला वेळ लागणार असेल, तर "स्थगिती झाली आहे, हे मला स्वतःला माहीत आहे" असं अपीलकर्त्यानं प्रतिज्ञापत्र द्यावं. आदेश येईपर्यंत खालच्या न्यायालयाला त्यावर वागावं लागतं. मुलानं ते त्याच संध्याकाळी करून घेतलं. त्याआधी कब्जा गेला असता, तर अपील जिंकेपर्यंत थांबून त्याच संहितेच्या कलम 144 खाली परत मागावा लागला असता.

अपील मुदतीनंतर टाकलेलं असतं तर गोष्ट आणखी अवघड होती. विलंबमाफीचा अर्ज निकाली निघून अपील सुनावणीला घ्यायचं ठरेपर्यंत स्थगिती देताच येत नाही. आणि सहा महिन्यांनी स्टे आपोआप उठतो, हे 2018 च्या निकालावरून पसरलेलं भय आता मनातून काढावं. पाच न्यायमूर्तींच्या पीठानं फेब्रुवारी 2024 मध्ये तो नियम रद्द केला. स्टे उठतो तो बहुधा हप्ता चुकल्यामुळे. काकूंच्या मुलानं 10 ऐवजी 5 तारीख धरली आहे. पैसे भरले की पावतीची झेरॉक्स जोडून पर्सिस (न्यायालयाला लेखी माहिती) द्यायची आणि मूळ पावती गिरणीतल्या गल्ल्याखाली ठेवायची, असं त्याचं चाललंय.