दिग्दर्शन : शोभना समर्थ

प्रश्न : ताई, ‘रामराज्य’मधल्या सीता, म्हणजे शोभना समर्थ, यांनी चित्रपट दिग्दर्शितही केले होते, असं वाचलं. पण आमच्याकडे म्हणतात, ते फक्त मुलींना पुढे आणण्यासाठी. मग त्यांना दिग्दर्शिका म्हणायचं का? आणि पाहायचं तर काय पाहू?
– एक वाचक, मुलुंड

उत्तर : म्हणायचंच.

माझं लहानपण गिरगावातल्या चाळीत गेलं. स्वयंपाकघरात डब्यांच्या फळीवर राम-सीतेचं जुनं कॅलेंडर होतं. तारखा कधीच संपलेल्या, नुसतं चित्र उरलेलं. राम प्रेम अदीब, सीता शोभना समर्थ. आई आंघोळीनंतर कुंकवाचं बोट आधी त्या सीतेला लावी, मग स्वतःला. रोजच्या बोटाने सीतेच्या कपाळाचा कागद झिजून मऊ, फुगीर झाला होता. ही नटी आहे, आपल्या मुंबईचीच आहे, हे आईला पक्कं ठाऊक होतं. तरी बोट कधी चुकलं नाही.

विजय भट्टांचा ‘रामराज्य’ 1943चा. गांधीजींनीही तो पाहिला होता. लोकांनी एकदा देव्हाऱ्यात बसवलं की तिथून खाली उतरून हातात सूत्रं घेणं किती अवघड असेल! शोभनाबाई उतरल्या. 1950 साली स्वतः निर्मिती-दिग्दर्शन करून त्यांनी ‘हमारी बेटी’ काढला. वयाची पस्तिशी अजून यायची होती. नूतन 14 वर्षांची, आणि चिमुकली तनुजाही त्यात होती. 10 वर्षांनी ‘छबिली’. त्यात पुन्हा दोघी बहिणी.

आता ‘मुलींसाठी’चं. राज कपूर यांनी 1973 साली ‘बॉबी’त ऋषीला नायक केलं, सुनील दत्त यांनी 1981 साली ‘रॉकी’त संजयला. त्यांना कुणी ‘मुलापुरते दिग्दर्शक’ म्हणतं का? आईने तेच केलं की ती लेकीची हौस ठरते, याचा मला मनापासून राग येतो. तसं पाहिलं तर मुंबईत ही वाट त्याही आधीची आहे. मूकपटांच्या काळातल्या अभिनेत्री फातमा बेगम यांनी 1926 सालीच ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला होता.

पाहायचं तर ‘छबिली’पासून सुरुवात करा. पडद्यावर नायिका आणि आवाज पार्श्वगायिकेचा, असा तो काळ. शोभनाबाईंच्या या चित्रपटात मात्र नूतन स्वतः गायली आहे. ‘ऐ मेरे हमसफर’, चाल स्नेहल भाटकरांची. गळा तयार गायिकेचा नाही, पण चेहरा आणि आवाज एकाच मुलीचा आहे, हे पहिल्या ओळीलाच जाणवतं. मी ते गाणं ऐकताना नूतनइतकीच तिच्या समोर, कॅमेऱ्यापाशी उभी असलेली तिची आई मला दिसते. सुरुवातीची नामावली तेवढी पुढे ढकलू नका.