२०२४ मध्ये युरोपात कडवे उजवे पक्ष अनेक ठिकाणी पहिले आले, तरी बहुतेक सरकारे त्यांची का झाली नाहीत?

आपण फ्रान्स, ऑस्ट्रिया आणि जर्मनीतील थुरिंगिया राज्य यांचे दाखले देऊन, लोकांनी निवडलेल्या पक्षांना संगनमताने सत्तेबाहेर ठेवले गेले का, असे विचारले आहे. मी जर्मनीच्या सॅक्सनी राज्यातील लाइपझिगमध्ये राहतो. येथील नागरिकत्व नसल्याने मला मत नव्हते, पण ज्या सभागृहाच्या निर्णयांखाली मी राहतो त्याची निवडणूक त्याच वर्षी झाली, त्यामुळे हा विषय मी फार जवळून पाहिला. माझे स्पष्ट मत असे आहे की पहिला क्रमांक मिळणे आणि जिंकणे यांत आपण भारतीय वाचक नकळत गल्लत करतो, कारण आपली पद्धत ब्रिटिश वळणाची आहे. त्या पद्धतीत ४ जुलै २०२४ रोजी ब्रिटनमधील मजूर पक्षाला सुमारे ३४ टक्के मतांवर ६५० पैकी ४११ जागा मिळाल्या. जर्मनी आणि ऑस्ट्रियात जागा मतांच्या प्रमाणात वाटल्या जातात. तेथे एक तृतीयांश मतांचा अर्थ साधारण एक तृतीयांश जागा एवढाच होतो, आणि उरलेले दोन तृतीयांश मतदारही लोकच असतात.

फ्रान्सची गोष्ट वेगळी आहे. जूनमधील युरोपीय संसदेच्या निवडणुकीत मरीन ल पेन यांच्या नॅशनल रॅली या कडव्या उजव्या पक्षाला ३१ टक्क्यांहून अधिक मते मिळाली आणि त्याच रात्री, ९ जूनला, राष्ट्राध्यक्ष माक्राँ यांनी राष्ट्रीय सभा, म्हणजे संसदेचे कनिष्ठ सभागृह, बरखास्त केली. तेथे मतदान दोन फेऱ्यांत होते. पहिल्या फेरीत कोणालाच आवश्यक बहुमत मिळाले नाही, तर पहिले दोन उमेदवार दुसऱ्या फेरीत जातातच, शिवाय नोंदणीकृत मतदारांच्या साडेबारा टक्के मते मिळवणारा तिसराही उभा राहू शकतो. ३० जूनला पहिल्या स्थानी असलेला हा पक्ष ७ जुलैनंतर जागांच्या हिशेबात तिसरा ठरला, कारण तिरंगी लढती टाळण्यासाठी डाव्या आघाडीच्या व माक्राँ यांच्या गटाच्या मिळून दोनशेहून अधिक उमेदवारांनी माघार घेतली होती. याला संगनमत म्हणता येईल, पण ते मतदानाआधी उघडपणे जाहीर झाले होते आणि लाखो मतदारांनी आपल्या नावडत्या उमेदवाराला मत देऊन ते मान्य केले. मला जे खटकते ते त्यानंतरचे: त्या मतांवर निवडून आलेल्यांना एकत्र राज्य करता आले नाही. पंतप्रधान मिशेल बार्निए यांचे सरकार सप्टेंबरमध्ये आले आणि ४ डिसेंबरला अविश्वास ठरावाने पडले.

जर्मनीच्या बाबतीत मात्र ‘बाहेर ठेवले’ हा शब्दच अपुरा आहे. १ सप्टेंबरला थुरिंगियात एएफडी या कडव्या उजव्या पक्षाला ३२.८ टक्के मते आणि ८८ पैकी ३२ जागा मिळाल्या. तेथील राज्यघटनेत दुरुस्ती करणे, विधानसभा मुदतीआधी विसर्जित करणे आणि राज्याच्या घटना न्यायालयाचे न्यायाधीश निवडणे यांना दोन तृतीयांश बहुमत लागते. एक तृतीयांशाहून अधिक जागा हाती असल्याने सरकारात नसतानाही हा पक्ष ही सगळी कामे अडवू शकतो. आमच्या सॅक्सनीत त्याच दिवशी मतदान झाले. तेथे सभागृह १२० जणांचे आहे, म्हणजे दोन तृतीयांश ८० होतात. निकालाच्या रात्री एएफडीच्या ४१ जागा जाहीर झाल्या. दुसऱ्या दिवशी संगणकीय आज्ञावलीतील चूक लक्षात येऊन जागावाटप दुरुस्त झाले आणि आकडा ४० वर आला. त्या एका जागेने अडवण्याची ताकद गेली, पण बाकीच्या ८० जणांपैकी एकही फुटला तर ती परत येते. ब्रांडेनबुर्ग या आणखी एका जर्मन राज्यात २२ सप्टेंबरला सोशल डेमोक्रॅट पक्ष थोडक्यात पहिला आला आणि बातम्यांत त्याचाच गाजावाजा झाला. तेथेही ८८ पैकी ३० जागा, म्हणजे एक तृतीयांशाहून अधिक, एएफडीकडे गेल्या, हे फार थोड्यांनी ठळक छापले. माझ्या दृष्टीने त्या महिन्यातील सर्वांत गंभीर बातमी तीच होती.

सत्तेच्या दाराशी उभा असतो तो बहुधा मध्यम-उजवा पक्ष, कोणताही कायदा नव्हे. जर्मनीतील ख्रिश्चन डेमोक्रॅट पक्षाने एएफडीशी युती न करण्याचा ठराव केलेला आहे, म्हणून थुरिंगियात १२ डिसेंबरला त्या पक्षाचे मारिओ फोइग्ट ८८ पैकी केवळ ४४ जागांच्या आघाडीवर मुख्यमंत्री झाले. ऑस्ट्रियात २९ सप्टेंबरला कडवी उजवी फ्रीडम पार्टी सुमारे २९ टक्के मतांनी राष्ट्रीय संसदेच्या निवडणुकीत इतिहासात प्रथमच पहिली आली. तेथील मध्यम-उजव्या पीपल्स पार्टीने आधी त्यांच्यासोबत सरकार बनवायला नकार दिला, २०२५ च्या जानेवारीत त्यांच्याशीच बोलणी सुरू केली आणि ती फेब्रुवारीत फिसकटल्यावर इतर दोन पक्षांसह सरकार बनवले. स्टायरिया प्रांतात मात्र २४ नोव्हेंबरच्या मतदानानंतर त्याच पीपल्स पार्टीने फ्रीडम पार्टीशी हातमिळवणी केली, आणि डिसेंबरमध्ये फ्रीडम पार्टीचे मारिओ कुनासेक तेथे प्रांतप्रमुख झाले.