पोच घेतलीस का?

चि. बाय,

काल फोनवर तू पाचदा म्हणालीस, "काका, कॉलेजातून नाव काढलं तर ते म्हणतात फी परत मिळत नाही." ते म्हणजे कोण? काउंटरवरचा माणूस. लिहून दिलं का त्यानं? नाही. आणि तू काय केलंस? वाळपईहून फोंड्याला चार खेपा मारल्यास आणि एक कागद दिला नाहीस.

रागावतोय असं वाटेल. रागावलोच आहे.

विद्यापीठ अनुदान आयोगाची 2018 ची अधिसूचना आहे. प्रवेशाच्या जाहीर केलेल्या शेवटच्या तारखेआधी 15 किंवा अधिक दिवस असताना नाव काढलं तर पूर्ण फी परत. त्यातून प्रक्रियेचा खर्च फार तर 5 टक्के, तोही 5000 रुपयांच्या वर नाही. त्याहून उशीर झाला, पण शेवटची तारीख उलटली नाही, तर 90 टक्के. उलटल्यावर 15 दिवसांपर्यंत 80, तीसपर्यंत 50, पुढे शून्य. काही वर्षी आयोगानं वेगळं पत्रक काढून याहून जास्त सवलत दिली आहे, तेव्हा यंदाचंही त्यांच्या संकेतस्थळावर बघून घे.

शेवटची तारीख उलटून तुझा आज तेरावा दिवस. चौथ्या दिवशीच तू गेली होतीस, पण ते ठाऊक कोणाला? गेटबाहेर तू भाजीपाव खाल्लास त्या गाडेवाल्याला. परवा 15 दिवसांची मुदत संपली की तुझे 80 चे 50 होतील, आणि काउंटरवरचा तो माणूस तेव्हाही गोडच बोलेल.

म्हणून अर्ज लेखी दे आणि पोच घे. दोन प्रती, दुसरीवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का, सही.

मला हे कुठून कळतं? त्या काउंटरच्या आत मी 31 वर्षं बसलो, वेगळ्या कॉलेजात. 2009 साली पेडण्याची एक मुलगी आईला घेऊन आली होती. तिच्या दहावी-बारावीच्या मूळ मार्कशीट आमच्या हिरव्या कपाटात होत्या, आणि उरलेल्या वर्षांची फी भरा, मगच देऊ, असं साहेबांनी ठरवलेलं. मूळ कागद अडकवू नयेत हे आयोगाचं 2007 चं पत्रक त्याच कपाटात होतं. मीच ते पंच करून फाईलला लावलं होतं. तरी मी म्हटलं, "सोमवारी या." सोमवारी पुन्हा तेच म्हटलं. तिचं ते वर्ष गेलं असं मागाहून कानावर आलं.

घरात दोन मुलं, म्हापशाच्या घराचं कर्ज. साहेबांपुढे मी काय बोलणार होतो? पण तिनं लेखी अर्ज दिला असता तर मला तो आवक वहीत चढवून साहेबांपुढे ठेवावा लागला असता. साहेबांना त्यावर काहीतरी शेरा मारावा लागला असता, आणि "फी भरल्याशिवाय कागद नाहीत" असं स्वतःच्या सहीनं लिहायची छाती कुणाची नव्हती. तोंडी आलेल्या माणसाला परत पाठवायला काहीच लागत नाही. सगळा दोष तिच्यावर ढकलतोय असं वाटतंय ना? वाटू दे.

तर अर्जात लिही: नाव काढत आहे, फी परत करा, कॉशन डिपॉझिट पूर्ण द्या, मूळ प्रमाणपत्रं लगेच द्या. मूळ कागद पडताळून लगेच परत करायचे असतात. कॉलेजनं ठेवायच्या त्या तू स्वतः सही केलेल्या प्रती. अर्ज मिळाल्यापासून 15 दिवसांत पैसे द्यायचे आहेत, पण पोच नसेल तर ते 15 दिवस मोजायचे कुठून?

शिक्का द्यायला नाही म्हणाले तर वाद घालू नकोस. तिथूनच पोस्टात जा, प्राचार्यांच्या नावे स्पीड पोस्ट कर, ईमेलही टाक. नाहीच हलले तर 2023 च्या नियमांप्रमाणे कॉलेजची विद्यार्थी तक्रार निवारण समिती आहे, तिच्यावर विद्यापीठाचे लोकपाल. ताळगावच्या पठारावर विद्यापीठात गेलीस तरी पहिला कागद म्हणून ही पोचच मागतील. मामा ग्राहक आयोगाचं म्हणतोय. शिक्षणसंस्था त्या कायद्याखाली येतात की नाही यावर सर्वोच्च न्यायालयाचेच निकाल जुळत नाहीत, तेव्हा ती वाट सध्या नको.

उद्या पहिली बस पकड. काउंटरवर बसू नकोस, थेट आवक टेबलाकडे जा. जेवणाच्या सुट्टीआधी मला फोन कर, आणि आवक क्रमांक वाचून दाखव.

तुझा,
काका