जखमी माणूस कशावर होता, ते आधी सांगा

अपघाताच्या कोडिंगवर, म्हणजे दवाखान्याच्या नोंदीत दुखापतीला आणि तिच्या कारणाला ठरलेला कोड देण्यावर, या वेळी एवढे प्रश्न आलेत की बाकीच्यांची उत्तरं पुढच्या अंकात देते, राग मानू नका.

प्रश्न : ताई, मी तालुक्याच्या दवाखान्यात रेकॉर्डला आहे. मागच्या आठवड्यात नवरा-बायको स्कूटीवर होते, वळणावर बसची धडक बसली. चालवणाऱ्या नवऱ्याचं मनगट मोडलं, मागे बसलेल्या बाईचं नडगीचं हाड मोडलं आणि धक्क्याने बसचा कंडक्टर आत पडला त्याला कपाळावर टाके पडले. आमच्या सहकाऱ्याने तिघांना एकच कोड टाकला, म्हणतो अपघात एकच आहे ना. बरोबर आहे का? – एक वाचक, सातारा जिल्हा

उत्तर : नाही हो. अपघात एक पण कोड तीन. आयसीडी-१०, म्हणजे आजार-दुखापतींच्या कोडचं आपलं जागतिक पुस्तक, त्यात व्ही०१ ते व्ही९९ हे सगळं वाहतुकीच्या अपघातांचं, आणि त्यात पहिला प्रश्न कोणी कोणाला ठोकलं हा नाहीच, ज्याचा केस पेपर समोर आहे तो माणूस कशावर होता हा आहे. पायी असेल तर व्ही०१ पासून, सायकल व्ही१०, मोटरसायकल-स्कूटी व्ही२०, रिक्षा व्ही३०, कार व्ही४०, पिकअप-व्हॅन व्ही५०, ट्रक व्ही६० आणि बस व्ही७० पासून सुरू. त्याच्या पुढचा आकडा सांगतो की समोर काय होतं, आणि ट्रक आणि बस दोघांचा आकडा एकच, ४. म्हणून स्कूटीवरच्या दोघांचं व्ही२४. टिंबानंतर नवरा ४ म्हणजे चालक, बाई ५ म्हणजे मागे बसलेली. कंडक्टर बसमध्ये होता, त्याच्यासाठी समोरची गाडी दुचाकी, म्हणून व्ही७२.६. तो ड्युटीवर होता वगैरे खरं आहे पण इथे चालक सोडून आत असलेला प्रत्येक जण प्रवासीच.

आता यात एक खड्डा आहे, त्यात मी स्वतः नवीन असताना पडलेय. दुचाकीच्या यादीत .४ म्हणजे रस्त्यावरच्या अपघातातला चालक, पण रिक्षा, कार, बसच्या यादीत .४ म्हणजे चढता-उतरताना लागलेला, तिथे चालक .५, प्रवासी .६ आणि बाहेर लटकलेला .७. दोन दिवस मी सगळ्या कारवाल्या ड्रायव्हरांना गाडीतून उतरताना पाडत होते, मॅडमनी गठ्ठा परत टेबलावर आपटला तेव्हा कळलं. त्यामुळे पाठ असलं तरी त्या भागाची यादी उघडून बघाच.

आणि हे व्हीचे कोड एकटे चालत नाहीत. ॲडमिट पेशंटला आधी दुखापत, म्हणजे बाईला एस८२.२, नवऱ्याचं मनगटाजवळचं हाड असेल तर एस५२.५, आणि त्याच्या जोडीला व्ही.

प्रश्न : केस पेपरवर डॉक्टर नुसतं ‘आरटीए’ (रस्ता अपघात) लिहितात. मग काय टाकायचं? आणि कुत्रं आडवं आलं, खड्ड्यात गाडी गेली, यांना वेगळे कोड आहेत का? – बीड

उत्तर : नुसत्या आरटीएवर फार तर व्ही८९.२ निघतो, म्हणजे कसल्यातरी मोटारगाडीचा रस्त्यावर अपघात झाला आणि बाकी काही माहीत नाही. असे शंभर कागद जमले तरी तुमच्या तालुक्यात दुचाकीवाले जास्त जखमी होतात की पायी चालणारे, काही कळत नाही. मनाने भरू मात्र नका. कागदावर दोन वेगळ्या गाड्या आहेत आणि पेशंट कोणत्या गाडीवर होता ते लिहिलंच नाही, तर अंदाज बांधायचा नाही, त्यासाठी व्ही८७ आहे. पण ‘ट्रकने उडवलं’, ‘जीपखाली आला’ एवढंच लिहिलंय आणि तो गाडीत होता असं कुठेच नाही, तर पुस्तकाचाच नियम आहे की पायी धरा. नातेवाईक बाहेर चहा पीत बसलेले असतात, जाऊन विचारा की कशावर होता, चालवत होता की मागे, कशाला धडकला. तीन प्रश्न, दोन मिनिटं. डॉक्टरांना सांगून तेवढी ओळ पेपरवर घ्या.

दुचाकीवाला कुत्र्याला धडकून पडला तर व्ही२०. त्याला चुकवायला गेला आणि कशालाच न लागता घसरला तर व्ही२८. खड्ड्यातही तसंच, खड्ड्याला स्वतःचा असा कोड नाही (आपल्याकडे हवा होता खरं तर). घसरून दुभाजकावर आपटला तर मात्र ती टक्कर झाली, व्ही२७. टायर फुटून गाडी ट्रकवर गेली तरी टक्करच धरायची.

प्रश्न : टेम्पोतून वऱ्हाड चाललं होतं, मागच्या हौद्यात बसलेले जखमी. हे ‘बाहेर लटकलेले’ का? – नांदेड

उत्तर : नाही. माल ठेवायची जागा ही गाडीची आतलीच जागा, त्यामुळे ते प्रवासी. टपावर बसलेला, पायरीवर उभा, मागे बंपरवर लटकलेला तो बाहेरचा. आणि रस्त्याकडेला गाडी थांबवून टायर बदलणारा माणूस, भले गाडी त्याची स्वतःची असो, त्याला ट्रकने ठोकलं तर तो पायी, व्ही०४. बैलगाडी व्ही८०, शेतातला ट्रॅक्टर व्ही८४.

प्रश्न : लोकलच्या केसेस आम्हाला रोज. – ठाणे

उत्तर : चढता-उतरताना व्ही८१.४, धावत्या गाडीतून बाहेर पडला व्ही८१.६, रूळ ओलांडताना गाडीने उडवला व्ही०५. ‘रेल्वे ॲक्सिडेंट’ एवढ्यावर हे तिन्ही एकाच पोत्यात जातात.

मृत्यू झाला असेल तर क्रम उलटा होतो, तेही सांगते. मूळ कारण म्हणून व्हीचा कोड मोजला जातो, डोक्याची दुखापत नाही. मृत्यूचं कारण लिहायच्या फॉर्म ४ वर दुखापत कशी झाली असा रकाना आहे, तो बऱ्याचदा कोरा असतो किंवा तिथे परत ‘हेड इन्ज्युरी’च लिहिलेलं असतं.

प्रश्न : पुण्यात अमेरिकन क्लायंटचं कोडिंग करते. प्लास्टर काढायला आलेल्या पेशंटला कोडच्या शेवटी ए लावला, क्यूसीने (तपासणाऱ्या टीमने) एरर दिली. – फ्रेशर

उत्तर : एरर बरोबर आहे गं. त्यांच्या आयसीडी-१०-सीएममध्ये, म्हणजे अमेरिकेच्या आवृत्तीत, सातवं अक्षर असतं, आपल्या पुस्तकात ते नाही. उपचार चालू असताना ए, नंतर बरं होत असतानाच्या भेटींना डी, आणि मागे राहिलेल्या व्यंगाला एस. ए म्हणजे पहिली भेट असं समजू नकोस, डॉक्टर बदलला तरी उपचार चालू असतील तर ए-च. प्लास्टर काढणं डी. अपघाताच्या कोडलाही तेच अक्षर लागतं. अपघाताची जागा सांगणारा वाय९२ मात्र पहिल्या वेळी एकदाच, दर भेटीला नको. आणि २०२२ च्या ऑक्टोबरपासून त्यांनी दुचाकीच्या यादीत इलेक्ट्रिक सायकल वेगळी केलीय, तुझ्या टेबलावरचं पुस्तक जुनं असेल तर आधी ते बदलून घे.