वाचकांचे प्रश्न : अंगणाखालची तेलाची टाकी

प्रश्न : माझी मुलगी आणि जावई अमेरिकेत न्यू जर्सीला राहतात. इतकी वर्षे भाड्याच्या घरात काढल्यावर आता ते १९५२ साली बांधलेले एक स्वतंत्र घर विकत घेत आहेत. हे घर गॅसवर गरम होते, तरीही त्यांच्या वकिलांनी अंगणात पुरलेल्या तेलाच्या टाकीचा शोध, म्हणजे तिकडे ज्याला ‘टँक स्वीप’ म्हणतात तो, करून घेण्याचा आग्रह धरला आहे. ‘आम्ही वीस वर्षे इथे राहतो, टाकीबिकी काही नाही,’ असे घरमालक सांगतात आणि जावयांना हा खर्च वायफळ वाटतो. रविवारी मुलीने व्हिडिओ कॉलवर अंगण दाखवले, तेव्हा मला हिरवळीखेरीज काही दिसले नाही. मुलांना काय सांगावे?
– एक वाचक, विलेपार्ले (पूर्व)

उत्तर : वकिलांचे ऐकायला सांगा. घरमालक खोटे बोलत असतील असे नाही. त्यांना ठाऊक नसण्याचीच शक्यता अधिक आहे, आणि या प्रकरणातली खरी अडचण तीच आहे.

घर गरम करायला तेल लागते ही कल्पना आपल्याला परकी वाटते, कारण मुंबईत थंडी पडली म्हणजे पहाटे पंखा एकवर आणायचा, एवढाच आपला बंदोबस्त असतो. न्यू जर्सी, न्यूयॉर्क, कनेक्टिकट, मॅसॅच्युसेट्स या राज्यांत मात्र कोळशाच्या भट्ट्या मागे पडल्यावर हजारो घरांनी तेलाचे बर्नर बसवले. हे तेल जवळजवळ डिझेलच असते. टँकर येऊन ते टाकीत भरून जाई, आणि टाकी डोळ्यांत खुपू नये, तळघरातली जागाही अडू नये, म्हणून ती अंगणात पुरली जाई. २७५, ५५० आणि १,००० गॅलन हे तिचे नेहमीचे आकार. ५५० गॅलन म्हणजे सुमारे २,०८० लिटर, म्हणजे आपल्या गच्चीवर दिसणाऱ्या हजार लिटरच्या काळ्या टाक्या दोन. पुढे नैसर्गिक वायूच्या वाहिन्या गल्लोगल्ली पोहोचल्या, १९७३ च्या तेलसंकटाने तेल महागले आणि लोक गॅसकडे वळले. गॅसवाल्याने भट्टी बदलली, नळ्या कापल्या. टाकी मात्र जिथल्या तिथे राहिली, कित्येकदा तळाशी उरलेल्या तेलासकट. त्यानंतर घर दोन-तीन हातांतून गेले की टाकीची आठवणही गेली. म्हणून ‘टाकी आहे का?’ हा प्रश्न फारसा उपयोगाचा नाही. १९५२ साली बांधलेल्या घरात गॅस येण्यापूर्वी ऊब कशाने मिळत होती, हे विचारावे. त्याचे उत्तर ‘तेलाने’ असे आले, तर ते तेल कुठे साठवले जात होते याचा पुरावा मिळेपर्यंत स्वस्थ बसू नये.

या टाक्या बहुधा साध्या पोलादाच्या, एकपदरी असतात. बाहेरून ओली माती पत्रा खाते. आत हवेतल्या दमटपणाचे पाणी होऊन ते तेलाखाली, तळाशी साचते आणि आतूनही गंज धरतो. आपल्याकडे पेट्रोल पंपावर सकाळी पितळी पट्टीच्या टोकाला एक लेप लावून ती टाकीत सोडतात आणि लेपाचा रंग जिथवर बदलला तिथवर पाणी आहे असे मोजतात. तेच पाणी इथेही असते, फक्त वर्षानुवर्षे मोजणारे कोणी नसते. सुईच्या अग्राएवढ्या भोकातून झिरपणारे तेल मातीत उतरते आणि भूजलापर्यंत पोहोचले की खर्चाचा अंदाज कोणीच देऊ शकत नाही. टाकी कोरडी निघाली आणि माती स्वच्छ असली, तर ती काढण्याचे काम काही हजार डॉलरमध्ये होते. माती बाधित निघाली, तर हाच आकडा काही दहा हजारांवर जातो, कधी त्याहूनही पुढे. घराच्या नेहमीच्या विम्यात प्रदूषणाची भरपाई बहुधा वगळलेली असते, तेव्हा त्या भरवशावर राहू नये.

पुढच्या रविवारी मुलीला कॅमेरा हिरवळीवर न फिरवता तळघरात न्यायला सांगा. भट्टीजवळच्या भिंतीत किंवा फरशीत बोटापेक्षाही बारीक अशा तांब्याच्या दोन नळ्या कापून चेपलेल्या दिसतात का, ते पाहायला सांगा. एक नळी तेल आणणारी, दुसरी उरलेले परत नेणारी. नळ्या नसतील तर भिंतीवर सिमेंटचे दोन ठिपके असतील, आणि रंगाखालूनही ते हाताला लागतात. मग बाहेर येऊन घराच्या पायालगत, झुडपांच्या मागे, जमिनीतून वर आलेला लोखंडी पाइप शोधावा. टाकीची हवा बाहेर सोडणाऱ्या अशा पाइपावर बहुधा छत्रीसारखे टोपण असते. तेल भरण्याच्या पाइपाचे झाकण मात्र जमिनीलगत असते आणि गवताने सहज झाकले जाते. हिरवळीत आयताकृती खळगा, गवत धरत नसलेली जागा, पावसानंतर तळघरात येणारा रॉकेलसारखा वास, यांतली कोणतीही खूण पुरेशी सूचक आहे. खुणा मुळीच न दिसणे मात्र पुरेसे नाही, कारण घर विकायला काढताना नळ्या कापून भिंत रंगवणे अवघड नसते.

यानंतर यंत्राचे काम. धातुशोधक यंत्र घेऊन माणूस अंगणातून पट्ट्यापट्ट्याने चालतो. संशयाची जागा सापडली की जमिनीत लहरी सोडून खालच्या वस्तूचा आकार आणि खोली दाखवणारे रडार फिरवतात. आपल्याकडे रस्ता खणण्याआधी केबल आणि जलवाहिन्या शोधायला हेच रडार वापरतात. त्याच्याही मर्यादा आहेत. चिकणमातीत लहरी फार खोल जात नाहीत, आणि काँक्रीटच्या ओट्यातल्या सळ्या धातुशोधकाला फसवतात. घराला मागाहून जोडलेल्या खोलीखाली टाकी गेलेली असेल, तर दोन्ही यंत्रे हात टेकतात. म्हणून त्या गावच्या बांधकाम खात्यातली घराची फाइलही मागवावी. न्यू जर्सीत सार्वजनिक नोंदी मागण्याचा कायदा आहे, आपल्या माहितीच्या अधिकारासारखा. टाकी बसवल्याचा किंवा काढल्याचा परवाना, भट्टी गॅसवर नेल्याची नोंद, यांपैकी काहीही हाती लागू शकते. मुंबईत फ्लॅट घेताना आपण वकिलाकडून तीस वर्षांचा टायटल सर्च करून घेतो, मालमत्ता पत्रक काढतो. जावयांना हे त्याच भाषेत सांगितले तर लवकर पटेल.

कायद्याची बाजू तर आणखी स्पष्ट आहे. पेट्रोल पंपांच्या भूमिगत टाक्यांवर अमेरिकेच्या केंद्र सरकारचे नियम लागू होतात. घराच्या वापरासाठी तेल साठवणारी टाकी मात्र त्यांतून वगळलेली असल्याने सगळा कारभार राज्याकडे येतो. न्यू जर्सीच्या १९७६ च्या गळतीविषयक कायद्यानुसार दोष कोणाचा हे न पाहता जबाबदारी लावता येते. ‘मला माहीत नव्हते’ असा बचाव खरेदीदाराला घ्यायचा असेल, तर खरेदीपूर्वी योग्य ती चौकशी केल्याचे दाखवावे लागते. टँक स्वीपसाठी द्यावे लागणारे काहीशे डॉलर मला त्यामुळे वायफळ वाटत नाहीत. दलालाने तयार केलेला करार सही होऊन हातात पडल्यावर न्यू जर्सीत वकिलाला तपासणीसाठी कामाचे तीन दिवस मिळतात. टाकीविषयीचे कलम याच मुदतीत घालून घ्यावे.

टाकी सापडलीच तर ती विक्रेत्याच्या नावावर परवाना काढून, विक्रेत्याच्या खर्चाने, ताबा घेण्यापूर्वी निघाली पाहिजे. ‘किमतीत सूट देतो, तुम्ही नंतर काढा’ हा प्रस्ताव मी स्वीकारणार नाही, कारण खाली किती माती खराब आहे हे खणल्याशिवाय कळत नाही आणि सूट तर आधीच ठरलेली असते. काम राज्याच्या पर्यावरण खात्याने प्रमाणित केलेल्या कंत्राटदाराकडूनच व्हावे. तो आधी जमिनीखालच्या वाहिन्यांची आखणी करून घेतो, टाकी उघडी पाडतो, तिला छेद देऊन आतले तेल आणि गाळ उपसतो, आतून पुसून घेतो, मग ती वर काढतो. त्या वेळी मुलीने तिथे उभे राहून फोटो घ्यावेत : टाकीच्या तळाचे, आणि रिकाम्या खड्ड्याचे.

इथे एक गफलत नेहमी होते. टाकी नियमाप्रमाणे काढली, एवढेच गावच्या निरीक्षकाचा शेरा सांगतो. माती स्वच्छ आहे असे तो म्हणत नाही. मातीचे नमुने प्रयोगशाळेत गेल्याचा वेगळा अहवाल मागावा. गळती आढळली, तर ती राज्याच्या पर्यावरण खात्याला लगेच कळवावी लागते, प्रकरणाला क्रमांक मिळतो, आणि सफाई पूर्ण झाल्यावर ‘पुढील कारवाईची गरज नाही’ असे पत्र येते. ते पत्र घराच्या कागदांइतकेच जपून ठेवायचे. काही घरांत जुनी टाकी साफ करून, वाळू किंवा फोम भरून जागच्या जागी बंद केलेली असते. ते नियमबाह्य नाही, पण मातीचा अहवाल सोबत नसेल तर पुढचा खरेदीदार तीच शंका काढणार, हे गृहीत धरावे.

प्रश्न : माझ्या धाकट्या भावाने कनेक्टिकटमधल्या घराच्या तळघरातली तेलाची टाकी गेल्या वर्षी काढून टाकली, पण भिंतीबाहेरची तेल भरण्याची नळी तशीच आहे. ती राहिली तर काही बिघडते का?
– एक वाचक, मुलुंड

उत्तर : फार बिघडते. पत्ता चुकून आलेल्या टँकरवाल्याने अशा नळीतून शेकडो लिटर तेल सरळ तळघराच्या फरशीवर ओतल्याचे प्रकार तिकडे घडलेले आहेत. टाकी भरत असताना बाहेर पडणाऱ्या हवेने वाजणारी एक शिटी हवेच्या नळीत बसवलेली असते. ती वाजत नसेल तर पंप थांबवायचा, हे चालकाला शिकवलेले असते. तरीही दुसऱ्याच्या कानावर विसंबू नये. दोन्ही नळ्या मुळासकट काढून भोके सिमेंटने बुजवावीत आणि तेल पुरवणाऱ्या कंपनीला लेखी कळवावे.

प्रश्न : आमच्या जुन्या बंगल्याच्या पुनर्विकासासाठी आवार मोकळे करताना एका लोखंडी झाकणाखाली टाकी सापडली. आतून डिझेलचा वास येतो. पूर्वी इथे जनरेटर होता म्हणतात. ‘शिडी लावा, उतरून पाहतो,’ असे वॉचमन म्हणतो. उतरू द्यावे का?
– एक वाचक, माहीम

उत्तर : मुळीच नाही, आणि झाकणावर आजच काहीतरी जड ठेवा. बंद टाकीतले पोलाद गंजताना हवेतला ऑक्सिजन ओढून घेते. बाहेरच्या हवेत तो सुमारे २१ टक्के असतो, आत तो माणूस बेशुद्ध पडण्याइतका कमी असू शकतो, आणि हे वासावरून कळत नाही. पहिला पडला म्हणून त्याला काढायला दुसरा उतरतो, अशाने एकाच टाकीत दोघे-तिघे जातात. भंगारवाल्याला गॅस कटरही लावू देऊ नका; रिकाम्या टाकीतली वाफ ठिणगीने पेटते.

पेट्रोलियम कायदा, १९३४ प्रमाणे डिझेलसारखे इंधन एका जागी एकूण २,५०० लिटरपर्यंत आणि कोणतेही एक भांडे १,००० लिटरपेक्षा मोठे नसेल, तरच परवान्याविना ठेवता येते. तुमची टाकी त्याहून मोठी असेल, तर जुन्या कागदांत परवान्याची प्रत शोधा. हे काम पाहणाऱ्या केंद्रीय संस्थेचे मुख्यालय नागपूरला आहे. आतले तेल आणि गाळ घातक कचऱ्यात मोडतो, म्हणून तो राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळाची परवानगी असलेल्या संस्थेलाच द्यावा आणि तिची पावती सोसायटीच्या फाइलला लावावी. गटारात ओतलेले तेल पर्जन्यवाहिनीतून थेट समुद्रात जाते. विकासकाने खोदाई सुरू करण्यापूर्वी टाकीच्या चारही बाजूंची माती तपासून घ्या. आवारात विहीर असेल, तर तिच्या पाण्याचा अहवाल येईपर्यंत ते पाणी वापरू नका, झाडांनाही नाही.