पोलंडला निघण्यापूर्वी आपली ‘खासगी’ वेगळी मांडून ठेवा

तुम्ही विचारले आहे की, पतीला पोलंडमधील व्रोत्सवाफ येथे संगणक क्षेत्रातील नोकरी मिळाली असून सहा वर्षांच्या मुलीला घेऊन त्यांच्यामागून जावे की नाही, याचा निर्णय होत नाही. शेजारी युक्रेनमध्ये युद्ध चालू आहे, फार्मसीची पदवी तिथे चालेल की नाही ठाऊक नाही, आणि रामबागेतल्या घरी विधवा आई एकटी राहणार आहे. मीही इंदूरचीच, नंदलालपुऱ्यात वाढलेली, आणि 2014 पासून व्रोत्सवाफमध्येच राहते, म्हणून सविस्तर लिहिते. जाण्याचा निर्णय तुमचा तुम्हीच घ्यायचा आहे. मला सांगायचे आहे ते निघण्यापूर्वीच्या तयारीविषयी, आणि ती तयारी बॅगा भरण्याची नव्हे.

आधी युद्धाचे बोलू, कारण तुमच्या आईंची झोप उडाली आहे ती त्यामुळे. व्रोत्सवाफ पोलंडच्या नैर्ऋत्य भागात ओडर नदीच्या काठी वसलेले आहे आणि युक्रेनची सीमा इथून सुमारे 500 किलोमीटर दूर पडते. पोलंड 1999 पासून नाटोचा सदस्य आहे. तरीही झळ लागलीच नाही असे म्हणता येणार नाही : 15 नोव्हेंबर 2022 रोजी सीमेजवळच्या प्शेवोदूफ या खेड्यात क्षेपणास्त्र पडून दोन माणसे गेली, आणि सप्टेंबर 2025 मध्ये रशियन ड्रोन पोलंडच्या हद्दीत शिरले तेव्हा ते पाडावे लागले. एवढे सोडले तर ट्राम, शाळा, बाजार सारे सुरळीत चालू असते. या शहरात युद्ध दिसते ते मुख्यतः बायकांच्या चेहऱ्यावर.

24 फेब्रुवारी 2022 रोजी युक्रेनवर आक्रमण झाले आणि 18 ते 60 वयाच्या पुरुषांना देश सोडण्यास मनाई करण्यात आली, त्यामुळे मेदिकाच्या नाक्यावरून आणि प्शेमिश्लच्या स्टेशनावरून जे लोंढे पोलंडमध्ये आले ते बहुतांशी बायका, मुले आणि म्हातारी माणसे यांचे होते. माझ्या मुलाच्या शाळेच्या व्यायामशाळेत खाटा लावल्या होत्या आणि आम्ही काही जणी तिथे दोन आठवडे आळीपाळीने स्वयंपाक करत होतो. खारकीव्हहून आलेली एक परिचारिका मला तिथे भेटली. तिने घाईत मुलाचे लसीकरणाचे कार्ड, मांजर आणि बुटांचे दोन जोड उचलले होते. स्वतःचे पदवीचे प्रमाणपत्र मात्र कपाटाच्या वरच्या खणात राहून गेले. शस्त्रक्रियागृहात अकरा वर्षे काम केलेली ही बाई इथे पहिले दीड वर्ष हॉटेलच्या खोल्या आवरत होती. 2023 च्या उन्हाळ्यात तिच्या नवऱ्याचे फोन येणे थांबले. सरकारदरबारी तो बेपत्ता आहे, म्हणजे ती अजून सधवाच, आणि जिथे जिथे त्याची सही लागते तिथे तिथे तिचे काम अडून राहते. सुरुवातीला या बायकांविषयी इथल्या लोकांना जो जिव्हाळा वाटत होता तो आता बराच ओसरला आहे, हेही सांगून ठेवते; त्याचा वारा कधीकधी आपल्यालाही लागतो.

हे शहरच मुळी उठवून बसवलेल्या माणसांचे आहे. मे 1945 पर्यंत ते जर्मनांचे ब्रेसलाऊ होते. युद्ध संपल्यावर जर्मनांना इथून घालवून देण्यात आले आणि ज्यांची गावे सोव्हिएत संघाकडे गेली त्या पूर्वेकडच्या पोलिश लोकांना या रिकाम्या घरांत आणून बसवले. माझ्या पहिल्या घरमालकीणबाई त्यांपैकीच होत्या. त्या चार वर्षांच्या असताना त्यांच्या आईने ल्वूफहून, म्हणजे आजच्या लव्हीवहून, मालगाडीच्या डब्यातून दोन मुली आणि एक शिवणयंत्र घेऊन हा प्रवास केला. वडील युद्धातून परतलेच नाहीत. वाट्याला आलेल्या घरात भिंतीवरच्या फळीवर चिनी मातीच्या बरण्या ओळीने मांडलेल्या होत्या आणि त्यांवर निळ्या अक्षरांत ‘त्सुकर’, ‘मेल’, ‘साल्त्स’ असे लिहिलेले होते : साखर, पीठ, मीठ. जर्मन केव्हाही परत येतील या धास्तीने त्यांच्या आईने कित्येक वर्षे ट्रंका पुरत्या रिकाम्या केल्या नाहीत. ती धास्ती अगदीच वेडगळ होती असे नाही, कारण पश्चिम जर्मनीने पोलंडची ही नवी सीमा मान्य केली ती डिसेंबर 1970 मध्ये, म्हणजे तब्बल पंचवीस वर्षांनी. मी ते घर सोडताना बाईंनी मला ‘मेल’ लिहिलेली बरणी दिली. तिच्यात मी पोहे ठेवते. कोणाच्या तरी हातची ती बरणी, कोणाच्या तरी घरची, आणि आता तिच्यात इंदूरचे पोहे, हे झाकण उघडताना अजूनही मनात येतेच.

त्याच पूर्वेकडच्या गावांतल्या काही बायका आपल्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला राहून गेल्या आहेत. फेब्रुवारी 1940 पासून सोव्हिएत अधिकाऱ्यांनी पोलिश कुटुंबेच्या कुटुंबे उचलून सैबेरिया आणि कझाकस्तानात नेली. सोव्हिएत संघ आणि पोलंड यांच्यातील 1941 च्या करारानंतर त्यांतली काही सुटली आणि 1942 मध्ये पोलिश जनरल आंडर्स यांच्या सैन्याबरोबर इराणात पोचली. पुरुष लढाईवर गेले. अनाथ मुलांना जामनगरचे जामसाहेब दिग्विजयसिंह यांनी बालाचडी येथे आसरा दिला, आणि 1943 ते 1948 या काळात वळिवड्याच्या छावणीत सुमारे पाच हजार लोक राहिले, त्यांत बहुतेक बायका आणि मुले. छावणी मोडली तेव्हा त्यांची मूळ गावे पोलंडमध्ये उरलीच नव्हती, म्हणून अनेक जणी ब्रिटनला आणि आणखी कुठे कुठे निघून गेल्या. वॉर्सॉमध्ये कोल्हापूरचे स्मारक आहे. आलात की मुलीला जरूर दाखवा.

ही सारी हकीकत मी लांबवली ती तुम्हाला भिववण्यासाठी नाही. तुम्ही युद्धातून पळून जात नाही, पगाराच्या नोकरीमागे जात आहात, हा फरक मोठा आहे. पण या बायकांजवळ बसून मला एक गोष्ट दिसली : माणूस गेल्याचे दुःख कोणालाच चुकले नाही, मात्र कागद, पैसा आणि हातातले काम जिच्या स्वतःच्या नावावर होते ती लवकर उभी राहिली. आपल्या गावात याला जुना शब्द आहे : ‘खासगी’, म्हणजे राज्याच्या दौलतीपासून वेगळी ठेवलेली स्वतःची मिळकत. 1734 साली मल्हारराव होळकरांच्या पत्नी गौतमाबाई यांच्या नावे खासगीची जहागीर करून देण्यात आली आणि पुढे ती अहिल्याबाईंकडे आली. कुंभेरीच्या वेढ्यात 1754 मध्ये पती गेले, 1766 मध्ये सासरे, पुढच्याच वर्षी मुलगा. राज्य चालवताना त्या बाईंनी दौलतीचा हिशेब वेगळा आणि खासगीचा वेगळा ठेवला, आणि देवळे व घाट बांधले ते खासगीतून.

आता तुमच्या खासगीविषयी. तुम्ही पतीच्या आधारावर येणार, म्हणजे तुमचे ‘कार्ता पोबितू’, अर्थात निवासाचे कार्ड, त्यांच्या निवासावर आणि तुमच्या विवाहावर उभे राहणार. ते हातात आल्यावर कामासाठी वेगळा परवाना लागत नाही, ही मोठी सोय आहे. परंतु त्यांची नोकरी डळमळली की तुमचे कार्डही डळमळते. म्हणून पहिल्याच महिन्यात ‘पेसेल’ हा ओळखक्रमांक काढा, बँकेत स्वतःच्या एकटीच्या नावे खाते उघडा आणि भाड्याच्या करारावर पतीबरोबर आपलेही नाव घालून घ्या. सरकारी आरोग्यविम्यात पत्नी आणि मुले यांना जादा हप्ता न भरता सामावून घेतात, पण नोकरी करणाऱ्याने तशी नोंद करावी लागते. ती आपोआप होत नाही, आणि पुष्कळ जणींना हे दवाखान्याच्या खिडकीवर कळते. पुढे तुम्हाला नोकरी लागली की स्वतःच्या कामाच्या आधारावर कार्ड करून घ्या.

कार्डाचे नूतनीकरण चालू असताना माझ्यावर जे गुदरले ते सांगते. अर्ज प्रलंबित असताना पासपोर्टात जो शिक्का मारत, त्याने पोलंडमध्ये राहणे कायदेशीर ठरे, पण एकदा देशाबाहेर पडल्यावर त्या शिक्क्यावर परत येता येत नसे. त्यासाठी भारतातून नवा व्हिसा काढावा लागे. कागदावर हे स्वच्छ लिहिले होते आणि मी न वाचता सही केली होती. नोव्हेंबर 2018 मध्ये आई गेली. मुलगा नऊ वर्षांचा, पतीचे कंत्राट महिन्याभरात संपणारे. गेले तर केव्हा परतेन याचा नेम नाही. चार तास विचार करून मी गेले नाही. मामेभावाने व्हिडिओ कॉल लावला, पण गडबडीत त्याचा हात खाली आला आणि बराच वेळ मला दिसत राहिला तो ओसरीचा कोपरा आणि भिंतीला टेकवलेली आईची काठी. तिचे रबरी टोक झिजले होते आणि मी ते पुढच्या खेपेला बदलणार होते. कार्ड आल्यावर मार्चमध्ये मी घरी पोचले, तेव्हा खेडीघाटावर अस्थिविसर्जन होऊन तीन महिने उलटले होते. तेव्हा अर्ज भरताना पहिला प्रश्न हाच विचारा : या काळात मला बाहेर जाऊन परत येता येईल का? नियम अधूनमधून बदलतात, म्हणून प्रत्येक खेपेला नव्याने विचारा, आणि शक्य तर आईंच्या औषधोपचाराच्या किंवा शस्त्रक्रियेच्या तारखा पाहून अर्जाची वेळ साधा.

आईंना कायमचे इकडे आणता येईल ही आशा ठेवू नका. कुटुंब-एकत्रीकरणात पती-पत्नी आणि अज्ञान मुले येतात. सज्ञान मुलीची आई त्यात बसत नाही. शेंगेन, म्हणजे अल्पमुदतीच्या, व्हिसावर त्या येऊ शकतील, पण कोणत्याही 180 दिवसांत 90 दिवसच, आणि त्यासाठी किमान 30 हजार युरोंचा प्रवासविमा लागतो. म्हणजे त्यांचे आयुष्य इंदूरलाच जाणार असे धरून व्यवस्था लावावी. रुग्णालयात संमतीची सही कोण करणार, रात्री दोन वाजता दाराची किल्ली कोणाकडे असणार, हे नातेवाइकांना नुसते ‘लक्ष ठेवा’ म्हणून सोडू नका. ज्याच्यावर भरवसा आहे त्याचे नाव घेऊन, आईंच्या समोर, ठरवा. तुमच्या भारतातील कामांसाठी मुखत्यारपत्र इंदूरलाच नोंदवून या, कारण नंतर करायचे म्हटले की वॉर्सॉच्या भारतीय दूतावासापर्यंत खेटे पडतात. परदेशी स्थायिक झाल्यावर तुमचे बचत खाते एनआरओ, म्हणजे अनिवासी भारतीयाचे खाते, करून घ्यावे लागेल. लॉकर मात्र आईंच्या आणि तुमच्या नावावर राहू द्या. हे बोलणे अशुभ वाटते, मला ठाऊक आहे. माझ्या आईपुढे मी ते काढले नाही, कारण तिला वाईट वाटेल असे मला वाटले. पुढे मावशीकडून कळले की माझ्या तोंडून हा विषय निघण्याची ती वाट पाहत होती.

पदवीविषयी : औषधनिर्माता हा इथे नियंत्रित व्यवसाय आहे, त्यामुळे पदवीची मान्यता आणि पोलिश भाषा, दोन्ही लागतील आणि त्याला काही वर्षे जातील. तोवर औषधकंपन्यांच्या कार्यालयांत इंग्रजीतून चालणारी कामे शोधता येतील. पदवी, गुणपत्रिका, विवाहाचा व मुलीच्या जन्माचा दाखला यांवर परराष्ट्र मंत्रालयाचा अपोस्टिल, म्हणजे कागद परदेशात ग्राह्य धरला जावा यासाठीचा, शिक्का घ्या, आणि प्रत्येक विषय किती तास शिकवला याचा विद्यापीठाच्या सही-शिक्क्याचा तक्ता आताच मागून ठेवा. तो इथून मागवणे फार जिकिरीचे होते.

भाषेला पहिल्या दिवसापासून लागा. सहा वर्षांच्या मुलांना इथे शाळापूर्व वर्ग सक्तीचा आहे, त्यामुळे तुमची मुलगी सहा महिन्यांत पोलिश बोलू लागेल आणि मग घरातला दुभाषी तीच होईल. माझा मुलगा आठ वर्षांचा असताना स्त्रीरोगतज्ज्ञाकडे माझ्याबरोबर आला होता, आणि मला रक्तस्राव किती दिवस होतो हे त्याने, खाली मान घालून, बुटाच्या नाडीशी खेळत, डॉक्टरांना सांगितले. त्याच आठवड्यात मी संध्याकाळच्या वर्गात नाव घातले. दुसरे मूल मनात असेल तर इथला कायदाही माहीत असू द्या : ऑक्टोबर 2020 च्या घटना न्यायाधिकरणाच्या निर्णयानंतर गर्भात गंभीर व्यंग असले तरी तेवढ्या कारणावरून गर्भपात करता येत नाही, आईच्या जिवाला किंवा आरोग्याला धोका असेल, अथवा गर्भ गुन्ह्यातून राहिला असेल, तरच मुभा आहे.

सामानात जाडे पोहे आणि शेव आणा. बाकी मसाले इथे मिळतात. मुखत्यारपत्राचे आणि विद्यापीठाच्या तक्त्याचे काम मार्गी लागले की कळवा, म्हणजे भाड्याच्या करारात कोणती कलमे तपासायची ते लिहून पाठवीन.